पिवळ्या कापडावर न बसलेले पाकचिक

जरा कल्पना करूया. तुम्ही दहा वर्षांचे आहात आणि तुमच्या हातात एक दोरी आहे. दोरी वर जाते, उंच लोखंडी खांबाच्या टोकावरच्या चाकावरून वळते, आणि तिच्या दुसऱ्या टोकाला वेताचा गोल पिंजरा लटकतो आहे. पिंजऱ्यात एक मेरबोक आहे. मेरबोक म्हणजे पारव्यापेक्षा लहान, अंगावर बारीक पट्टे असलेला होला. दोरी सावकाश ओढलीत तर पिंजरा तरंगत वर जाईल, आणि वरचा वारा लागला की पक्षी गाऊ लागेल. हिसका दिलात तर तो पंख आपटून घेईल आणि सकाळभर गप्प बसेल.

आता अशी कल्पना करा की हे काम दोन वर्षं फक्त तुमचं होतं. आणि एका रविवारी तुम्ही खाली येता, तर दोरी दुसऱ्याच मुलीच्या हातात.

तुमच्या पोटात काय झालं? तेच इराच्या पोटात झालं.

ही २०१४ सालची गोष्ट. इरा सिंगापूरला बिशानमध्ये राहायची, चौथ्या मजल्यावर. त्याच मजल्यावर तीन दारं सोडून पाकचिक यूसुफ राहायचे. पाकचिक म्हणजे मलय भाषेत काका. वय अठ्ठ्याहत्तर. जहाजांच्या यार्डात त्यांनी चाळीस वर्षं वेल्डिंग केलं होतं, त्यामुळे ते सावलीतही डोळे बारीक करून बघत. घरात ते एकटे आणि त्यांचा मेरबोक. रविवारी सकाळी ते पिंजरा घेऊन खाली उतरत, इमारतीमागच्या गवतावरच्या खांबाला तो चढवत आणि बाकावर बसून काळी कॉफी पीत. इरा दोरी ओढायची.

इरा त्यांची बहीण होती. हसू नका. आठ वर्षांची असताना भाऊबीजेला ती रडत बसली होती, कारण तिला भाऊ नव्हता. आईने, म्हणजे मीनलने, समजावलं की भाऊ नसेल तर चंद्राला ओवाळतात. दोघी ताट घेऊन कॉरिडॉरमध्ये आल्या, पण समोरच्या इमारतीआड चंद्र कुठे दिसेना. पाकचिक दारात झाडांना पाणी घालत होते. काय हरवलंय, त्यांनी विचारलं. मीनलने सांगितलं. त्यांनी पाण्याचं भांडं खाली ठेवलं आणि म्हणाले, "मी चालेन का? मला भाऊ व्हायची सवय आहे."

तेव्हापासून दर भाऊबीजेला ते मीनलच्या घरी पाटावर बसायचे. इरा त्यांना ओवाळायची. कुंकवाचा टिळा त्यांच्या धर्मात चालत नव्हता, म्हणून तो पिंजऱ्याच्या कडीला लागायचा. ओवाळणी म्हणून ते मेरबोकचं गळून पडलेलं एक पीस ताटात ठेवायचे, आणि मग चार चकल्या खायचे, कॉफीत बुडवून. इराकडे अशी दोन पिसं होती. तिसरं या वर्षी मिळणार होतं.

आणि जूनमध्ये पुण्याहून जाई आली.

जाई नऊ वर्षांची होती. तिच्या बाबांना इथे नोकरी मिळाली होती आणि त्यांनी नेमक्या त्याच इमारतीत, नवव्या मजल्यावर घर घेतलं. मीनलनेच तिला खाली नेऊन पाकचिकना भेटवलं. त्यांनी तिच्या हातात दोरी दिली. पिंजरा वर गेला, आणि पक्ष्याने एक पीसदेखील हलवलं नाही.

"बागुस," पाकचिक म्हणाले. बागुस म्हणजे छान. हा शब्द ऐकायला इराला एक अख्खं वर्ष लागलं होतं.

तेवढ्यात तिसऱ्या मजल्यावरच्या लिम आंटी भाजीची चाकांची पिशवी ओढत तिथून चालल्या होत्या. त्यांनी इंग्रजीत विचारलं, ही तुझी बहीण का गं?

"नो लाह," इरा तिथल्या इंग्रजीत म्हणाली. "शेजारीण. नवीन आहे, तिला काही येत नाही."

पुढचे काही महिने दोघी आळीपाळीने दोरी ओढू लागल्या. मोठ्या माणसांना वाटलं, छान चाललंय. इराला मात्र सगळं मोजल्यासारखं दिसायचं. पाकचिक जाईकडे बघून किती वेळा हसले. बाकावर जाई कुठल्या बाजूला बसली. कॉफीसोबतचं बिस्किट आधी कुणाला दिलं. एकदा तर तिने वाईटच केलं. शनिवारी लिफ्टमध्ये जाई भेटली तेव्हा तिने सांगून टाकलं की उद्या पाकचिक येणार नाहीत, त्यांना बरं नाही. जाई आली नाही. पुढच्या रविवारी पाकचिकनी जाईला विचारलं, मागच्या वेळी का नाही आलीस? जाईने इराकडे पाहिलं. इराने पक्ष्याकडे पाहिलं.

"झोप लागली," जाई म्हणाली.

तुम्हाला वाटेल इराला हायसं वाटलं असेल. नाही. उलट तिला जाईचा आणखी राग आला. चुगली केली असती तर निदान भांडता आलं असतं.

पण एक गुपित होतं जे फक्त इराचं होतं. पाकचिक बाकावर बसून एक जुनी हकीकत सांगायचे, तुकड्यातुकड्यांनी; आता ती जाईही ऐकायची. समुद्रापलीकडे, सुमात्रा बेटावर, नदीच्या मुखाशी एक छोटं राज्य होतं. त्याचं नाव ते कधीच सांगत नसत. १९४६ साली तिथे क्रांती झाली. लोक अनेक वर्षं अर्धपोटी होते आणि राजवाड्यात मेजवान्या चालू होत्या, असं पाकचिक सांगायचे. ज्यांनी राजवाडा जाळला त्यांना ते कधी वाईट म्हणाले नाहीत. राजा मारला गेला. पण गादीचा वारस, आठ वर्षांचा राजपुत्र, तो कुणालाच सापडला नाही. कुणी म्हणालं नदीत बुडाला. कुणी म्हणालं वाघाने नेला. कुणी म्हणालं परदेशात मोठा होतोय, एक दिवस परत येईल. अडुसष्ट वर्षं झाली, तो आला नाही.

"मग तो गेला कुठे?" इरा विचारायची.

"ते तू शोध," पाकचिक म्हणायचे.

इराने एक वही केली होती. तिच्यात अकरा खुणा लिहिल्या होत्या. पाकचिकना राजवाड्याच्या पायऱ्या किती हे ठाऊक होतं: नऊ, आणि पाचवी तुटकी. विहिरीचं पाणी उन्हाळ्यात कसं लागायचं हे ठाऊक होतं. राजपुत्र माशाचं डोकं खात नसे, त्याला घामोळं फार यायचं, त्याला अंधारात गाणं म्हणायची सवय होती, हेही ठाऊक होतं. आणि हे त्यांनीच सांगितलं होतं की पिवळा रंग त्या राज्यात फक्त राजघराण्याचा. दुसऱ्या कुणी पिवळं नेसायचं नाही, पिवळ्यावर बसायचं नाही. एकदा इराने त्यांच्या कानात विचारलं होतं, तो राजपुत्र तुम्हीच ना? ते नुसते हसले. इराने वहीत बारावी खूण लिहिली: हसले. वही तिने जाईला कधीच दाखवली नाही.

दिवाळी आली. भाऊबीज शनिवारी होती. आदल्या दिवशी मीनलने फराळाचा डबा नवव्या मजल्यावर पाठवला आणि परत आलेल्या डब्यासोबत इराला बातमी दिली.

"जाईलाही भाऊ नाही. मी तिला उद्या बोलावलंय. दोघी मिळून ओवाळा."

"ते माझे भाऊ आहेत," इरा म्हणाली.

"अगं, ओवाळल्याने ते कमी होतात का?"

होतात, इराला वाटत होतं. नक्की होतात. दोन वर्षं दर भाऊबीजेला एक पीस एकीला मिळत होतं. आता एका पिसाचे दोन वाटे कसे करणार? हे तिने आईला विचारलं नाही, कारण आई हसली असती.

शनिवारी संध्याकाळी पाच वाजता जाई आली. परकर-पोलकं, दोन वेण्या, आणि हातात एक घडी. पुण्याहून निघताना तिच्या आजीने दिलेलं पिवळंधमक रेशमी कापड. तिने ते मीनलला दिलं आणि म्हणाली, काकू, पाटावर घालायला आणलंय. मीनलला ते इतकं आवडलं की तिने लगेच पाटावर पसरलं, वर हात फिरवून सुरकुत्या काढल्या आणि चारी बाजूंनी रांगोळी घातली. आपल्याकडे पिवळं म्हणजे हळद, झेंडू, पूजेचं वस्त्र. मानाच्या पाहुण्याला याहून चांगलं काय घालणार? इरा नुसती बघत राहिली. दोन वर्षं ते साध्या पाटावर बसत होते आणि कुणाला काही कमी वाटलं नव्हतं.

पाकचिक आले. इस्त्रीचा शर्ट, डोक्यावर काळी टोपी, हातात पिंजरा. त्यांनी पिंजरा खिडकीच्या कडीला अडकवला, वळले, आणि पाटाजवळ येऊन थांबले.

"बसा ना," मीनल म्हणाली.

ते बसले नाहीत. त्यांनी कापडाकडे पाहिलं आणि दोन पावलं मागे सरकले. चेहऱ्यावर राग नव्हता, पण पायाखाली काहीतरी जिवंत आलं असावं तसे ते मागे झाले. मीनल गोंधळली. काही चुकलं का, तिने विचारलं. जाईचा चेहरा उतरला, कारण कापड तिने आणलं होतं.

आणि इराला, मी खरं तेच सांगतो, त्या क्षणी आनंद झाला. जाईचं चुकलं होतं. शिवाय का चुकलं हे दोघींत फक्त तिला एकटीला माहीत होतं. गुपित तिच्या ओठांवर आलं, आणि ते गिळून टाकायची तिला मुळीच इच्छा नव्हती.

"मला माहीत आहे ते का बसत नाहीत," ती मोठ्याने म्हणाली. "ते राजपुत्र आहेत. हरवलेला राजपुत्र. पिवळ्यावर बसले तर लोक ओळखतील ना. मला केव्हाचं माहीत आहे. जाईला माहीत नाही."

 खिडकीतला पक्षी दांडीवर इकडून तिकडे सरकला.

मग जाई हळूच म्हणाली, "पण ते तर नेहमी मागच्या दाराने आत जातात."

"काय?"

"गोष्टीत. नऊ पायऱ्या विहिरीकडच्या आहेत. मग चुली, मग भांडी. पुढचा दरवाजा कसा होता ते त्यांनी कधीच सांगितलं नाही. मला वाटतं, त्यांनी तो बघितलाच नसेल."

इराचे कान तापले. तिने वही आठवून पाहिली. विहीर. माशाचं डोकं. घामोळं. सगळं स्वयंपाकघरातूनच दिसणारं. बारा खुणा लिहून तिला जे दिसलं नाही ते एक खूणही न लिहिणाऱ्या मुलीला दिसलं होतं.

पाकचिक हसले नाहीत. ते भिंतीकडच्या खुर्चीवर बसले आणि टोपी काढून गुडघ्यावर ठेवली.

"जाई म्हणते ते खरं," ते म्हणाले. "मी आचारणीचा मुलगा. पिवळ्यावर बसलो असतो तर आईने चाबकाने झोडलं असतं. सत्तर वर्षं झाली, पाय अजून घाबरतात. गोष्टीचा शेवट राहिलाय. सांगू?"

आणि त्यांनी सांगितला. तो मी तुम्हाला माझ्या शब्दांत सांगतो.

यूसुफ तेव्हा दहा वर्षांचा होता आणि राजपुत्राचा मनापासून हेवा करत होता. त्याची आई राजवाड्यातली आचारणी. पहाटे ती आधी राजपुत्रासाठी उठायची. माशाचा मधला तुकडा राजपुत्राला, डोकं यूसुफला. राजपुत्राला घामोळं आलं की तिचा हात त्याच्या पाठीवर. यूसुफला आलं तर, जा, विहिरीवर अंघोळ कर. राजपुत्र बिचारा वाईट नव्हता. तो यूसुफच्या मागे मागे फिरायचा. त्यामुळे तर यूसुफला तो जास्तच नकोसा व्हायचा.

राजवाडा जळला त्या सकाळी आईने राजपुत्राचे केस कापले, गालांना राख फासली आणि यूसुफचा एकुलता एक धड सदरा त्याला घातला. यूसुफला फाटका. मग दोन्ही मुलांना घेऊन ती नदीवरच्या धक्क्याकडे निघाली. होडी तयार होती. ही दोन्ही माझी मुलं, असं ती सांगणार होती.

धक्क्यावर क्रांतीची माणसं उभी होती. त्यातल्या एकाने तिला ओळखलं. तो पूर्वी स्वयंपाकघरात तांदळाची पोती आणून टाकायचा.

"तुला एकच मुलगा आहे," तो म्हणाला. "यातला तुझा कुठला?"

आई बोलू शकली नाही. तिचा हात राजपुत्राच्या खांद्यावर होता. घरापासून धक्क्यापर्यंत तो तिथेच होता.

आता थांबा. यूसुफने काय करायचं होतं ते बघा. त्याला काहीच खोटं बोलावं लागणार नव्हतं. नुसतं एवढंच म्हणायचं होतं, मी. खरं बोलला असता, आणि सदरा, मधला तुकडा, आईचा हात, सगळं त्याला परत मिळालं असतं. राजपुत्राचं काय झालं असतं हे त्याला समजत होतं. दहा वर्षांच्या मुलाला समजतं.

त्याने त्या हाताकडे पाहिलं. मग डोक्यावरचं गाठोडं खाली ठेवलं.

"तो तिचा," तो म्हणाला. "मी पलीकडच्या वाडीतला. ओझं उचलायला आलो होतो."

आणि पाठ फिरवून तो चालू लागला. होडी सुटल्याचा आवाज त्याने ऐकला, पण वळून पाहिलं नाही. चार महिने तो त्या वाडीत एका कोळ्याकडे राहिला. चार महिन्यांनी आई परत आली आणि त्याला सिंगापूरला घेऊन गेली. इकडे राजपुत्र तिचा धाकटा मुलगा होऊन वाढला. म्हणून तो कुणाला सापडला नाही. सगळे एका राजपुत्राला शोधत होते.

पाकचिक थांबले. मीनलने डोळे पुसले. इराला वेगळंच काही विचारायचं होतं.

"मग तुमचा राग केव्हा गेला? धक्क्यावर?"

"कुठला जातोय," पाकचिक म्हणाले. "धक्क्यावर तर सगळ्यात जास्त होता. पोट जळत होतं. मी रागातच बोललो. राग जाईपर्यंत थांबलो असतो तर होडी सुटली असती का?"

"आणि तो? राजपुत्र आता कुठे आहे?" जाईने विचारलं.

"तो होय? तो तर हरवलाय." आता मात्र ते हसले. "मला मोठा भाऊ म्हणायचा. एवढं पुरे."

मीनलने पिवळ्या कापडाची घडी केली आणि जाईच्या हातात दिली. त्यात तुझं काही चुकलं नाही गं, ती म्हणाली. पाकचिक साध्या पाटावर बसले, दोन वर्षं बसत होते तसे. त्यांनी खिशातून ओवाळणी काढून मांडीवर ठेवली. पीस एकच होतं.

मीनलने निरांजन लावलं. ताटही एकच. ते तिने इराच्या हातात दिलं आणि बाजूला झाली. जाई भिंतीला टेकून उभी राहिली. मी घरी जाऊ का, असं तिच्या तोंडावर लिहिलेलं होतं.

दार उघडंच होतं. चौथ्या मजल्यावर कुणाकडे तरी आलेल्या लिम आंटी कॉरिडॉरमधून चालल्या होत्या. त्यांनी आत डोकावून दिवा बघितला, परकर-पोलकी बघितली आणि मागचं उत्तर विसरून इराला पुन्हा विचारलं, "वा, किती छान! ही तुझी बहीण का गं?"

इराने जाईकडे पाहिलं. दोन वेण्या, बागुस, मागचं दार. पोटात अजून जळत होतं, अगदी पहिल्या रविवारसारखं. काहीही गेलं नव्हतं. तिने वाट पाहून पाहिली, तरी गेलं नाही.

"हो," इरा म्हणाली. "धाकटी."

मग तिने जाईचा हात ओढून ताटाच्या दुसऱ्या कडेवर ठेवला, आणि हिसका न देता, दोरी ओढावी तसं सावकाश, ताट फिरवायला सुरुवात केली. ते जरा इराच्याच बाजूला झुकलेलं होतं.